सुभद्राचा पेला आणि हरणारी टीम

मी बरा झालो असं डॉक्टरीण म्हणते. मी अजून बघतोय. रोज सकाळी आरशासमोर उभा राहून मानेच्या दोन्ही बाजू चाचपतो. गाठ हाताला लागत नाही. पण हाताला लागत नाही म्हणजे नाही, असं मी आता कशाच्याच बाबतीत मानत नाही.

हैदराबादेत मलकपेठच्या दवाखान्यात गोळ्या देणारी नर्स म्हणाली, "ताता, तुमच्यासारखे अर्ध्यातच गोळ्या सोडणारे लई येतात. माझं ऐकत नाहीत. तुम्ही लिहा, तुमचं ऐकतील." ती तेलुगूत बोलते, मी समजून घेतो. ताता म्हणजे आजोबा. म्हणून लिहितोय. मी चौथी पास, तीही उदगीरकडच्या गावातली चौथी. पुढची सगळी उमर इथल्या रेसकोर्सच्या तबेल्यात साईस म्हणून घोडे मालीश करण्यात गेली. बोलणं निम्मं दक्खनी झालंय. सूनबाई मंजिरी पुण्याची आहे, तिनं माझं शुद्धलेखन नीट केलं. बोलणं माझंच ठेव म्हणून तिला दम दिला होता. तरी तिनं काही गाळलं तर नाही ना म्हणून नातवाकडून, संकेतकडून, सगळं वाचून घेतलं. त्याला मराठी वाचता येतं म्हणजे वाटेत खड्डे असलेल्या रस्त्यावरून ऑटो जावा तसं. सकाळी बसला तो जेवायच्या वेळेला संपवलं.

तिची गाठ

माझ्या गाठीआधी सुभद्राच्या गाठीचं सांगायला लागतं. सुभद्रा माझी बायको. तिच्या मानेत डाव्या बाजूला गाठ आली, आणि ती कॅन्सरची निघाली. कॅन्सर दुसरीकडंच होता, मानेत नुसता डोकावला होता. माझा मुलगा विलास दवाखान्याच्या जिन्यात रडला आणि म्हणाला, "बाबा, आईला सांगायचं नाही. ऐकूनच जाईल ती." मी म्हणालो, नाही सांगायचं. आमच्यात कुणीच सांगत नाही. माझ्या भावाला सांगितलं नव्हतं, विलासच्या सासऱ्याला सांगितलं नव्हतं.

जिन्यातच ठरवून तिला सांगितलं, गाठीचा टीबी आहे. औषधानं बरा होतो. संकेत तेव्हा बारावीला होता, त्याला तर टीबी पण नाही, अशक्तपणा सांगितला. एका घरात एका बाईचे तीन आजार चालू होते.

एकदा तिनं कंगव्यातले केस काढून माझ्यासमोर धरले. "अहो, टीबीला केस जातात का?"

"जातात," मी म्हणालो. "औषध कडक असतं."

"तुम्हाला कुणी सांगितलं?"

"डॉक्टरनं."

तिनं केसांची गुंडाळी करून कोपऱ्यातल्या डब्यात टाकली आणि पुन्हा कधी विचारलं नाही.

टीबी म्हटल्यावर तिनं तिचं ताट वेगळं केलं. स्टीलचा एक पेला घेतला, त्याच्या गळ्याला लाल दोरा बांधला, म्हणजे चुकून कुणी उचलू नये. आम्ही बघत होतो. ताट वेगळं करू नको म्हणावं, तर का म्हणून विचारेल. म्हणून कुणी काही बोललं नाही. ती गेली तरी पेला ओट्यावरच्या खिळ्याला तसाच अडकवलेला राहिला. ना कुणी वापरला, ना कुणी टाकला.

माझी गाठ

वर्ष उलटलं, आणि माझ्या मानेत गाठ आली. डाव्याच बाजूला. संध्याकाळचा बारीक ताप, आणि पायजम्याची नाडी रोज थोडी जास्त आवळायला लागायची.

गाठीतून सुईनं पाणी काढलं, तपासायला पाठवलं. मग एक दिवस डॉक्टरीणबाईंनी विलासला आणि मला बोलावलं. त्या विलासशी इंग्रजीत बोलल्या. बराच वेळ बोलल्या. विलास मान हलवत होता. मी त्याचं तोंड बघत होतो. मालक आणि घोड्याचा डॉक्टर हळू आवाजात बोलायला लागले की साईस घोड्याकडं बघत नाही, मालकाच्या तोंडाकडं बघतो. विलासचं तोंड सैल पडलं. हसला पण. मला ते हसू बरोबर वाटलं नाही.

मग तो माझ्याकडं वळला. "बाबा, घाबरायचं काही नाही. गाठीचा टीबी आहे."

मी त्याच्याकडं बघत राहिलो.

"औषधानं बरा होतो," तो म्हणाला.

शब्दाला शब्द तोच. जिन्यात ठरवला होता तोच. बेट्याला नवीन काही सुचू पण नये?

मी म्हणालो, "बरं." दुसरं काय म्हणणार? सुभद्रा पण "बरं"च म्हणाली होती.

ऑटोत तो बडबडत होता. गोळ्या रोज, न चुकता, एक दिवस पण सुटली तर रोग हट्टी होतो, मग गोळ्यांना दाद देत नाही. मी रस्त्याकडं बघत होतो. मनात म्हणालो, बाप आहे मी तुझा, तुझ्या खोट्यात मी तुझा भागीदार होतो, आता मलाच शिकवतोस.

घराच्या पट्ट्या

लंगडणारा घोडा विकायचा असला की काही लोक त्याच्या चारही पायांना पट्ट्या बांधतात. एकाच पायाला बांधली तर दुखरा पाय कुठला ते कळतं. चारही बांधले की कळत नाही. माझं घर तसं झालं होतं. सगळे सगळ्याच बाबतीत गोड. सूनबाई भाजीला तिखट कमी का म्हणून विचारलं तरी हसायची. विलास फोनवर बोलायला गच्चीवर जायचा. मी दार लोटून आत आलो की टीव्हीचा आवाज वाढायचा.

एकदा तिघंही सकाळी बाहेर गेले आणि दुपारी आले. कुठं गेला होता? विलास म्हणाला, बँकेत. सूनबाई त्याच वेळी म्हणाली, बरकतपुऱ्याला, तिच्या मैत्रिणीकडं. मग दोघं एकमेकांकडं बघून म्हणाले, आधी बँक, मग बरकतपुरा. मी "बरं" म्हणालो. पण संकेतच्या कोपराच्या खाली एक गोल चिकटपट्टी होती, ती मी बघून ठेवली.

आणि माझे केस. सुभद्राचे गेले, माझे जागच्या जागी. आता तुम्ही हसाल, पण मी त्याचा अर्थ असा लावला, की तिच्यावर निदान इलाज चालू होता. माझ्यावर काहीच चालू नाही. डॉक्टरांनी हात टेकले आणि हातात रंगीत गोळ्या दिल्या, म्हाताऱ्याला बरं वाटावं म्हणून.

लाल

हे लिहू का नको असं झालं होतं. सूनबाई म्हणाली लिहा, यानंच सगळा घोटाळा झाला.

गोळ्या सुरू झाल्या आणि माझी लघवी लाल झाली. विटकरीच्या रंगाची. मी भिंतीला धरून उभा राहिलो. म्हटलं, आतून रक्त सुटलं. म्हणजे खरंच तेच आहे. कुणाला सांगितलं नाही. सांगून काय, परत टीबीच म्हणणार.

नंतर कळलं ते असं. दवाखान्यातल्या नर्सनं सूनबाईला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, या गोळ्यांनी लघवीचा रंग लाल होतो, पेशंटला सांगा, नाहीतर घाबरतो. आता पुण्याची शिकलेली सून असली तरी सासऱ्याला हे कसं सांगणार? तिनं विलासला सांगितलं, तुम्ही सांगा. विलासला बापाशी हे बोलायची लाज. त्यानं संकेतला म्हटलं, तू सांग. संकेतला वाटलं, आईनं सांगितलं असेल. घरातल्या तीन माणसांना माझ्या लघवीचा रंग माहीत होता, आणि ज्याची लघवी तो एकटा भिंतीला धरून उभा होता.

टीम

सकाळची गोळी द्यायचं काम संकेतकडं होतं. तो पहाटे उठून विद्यानगरच्या ग्राउंडवर जायचा, त्याच्या कॉलेजची टीम होती. जायच्या आधी माझ्या हातावर गोळ्या ठेवायचा.

"कसला खेळ रे हा?"

"अमेरिकन फुटबॉल, आबा."

"पायानं खेळायचा?"

"नाही, हातात धरून पळायचं. बॉल नारळासारखा असतो, लांबट. चार वेळा चान्स मिळतो, तेवढ्यात दहा यार्ड पुढं जायचं. समोरचे अंगावर येऊन पाडतात."

"हातात धरायचा तर फुटबॉल का म्हणता?"

"ते अमेरिकेला विचारा."

"आणि तू काय करतोस?"

"मी सेंटर. वाकून दोन पायांच्या मधून बॉल मागच्याच्या हातात द्यायचा."

"मागं न बघता?"

"मागं बघितलं तर समोरचा मारेल ना आबा."

अंगात खांद्यांना ढाली बांधतात, डोक्यावर जाळीचं हेल्मेट. टीम गरीब. हेल्मेटं कमी आणि पोरं जास्त. एक बाहेर आला की त्याचं घामट हेल्मेट दुसरा घालतो. त्याचा वास मला रिकिबीच्या घामेजल्या चामडी वादीसारखा यायचा. पहिल्या मॅचनंतर पोरगा आला तेव्हा हनुवटी सोललेली होती, अंगाला मातीचा वास होता. हरलो म्हणाला. मी म्हटलं, पुढची जिंकशील.

पुढची जिंकली. त्याच्या पुढची पण. जिंकला की उस्मानिया बिस्किटं घेऊन यायचा, गरम, पुड्यात. "जिंकलो आबा!" विलास पण म्हणायचा, "बघा, तुमचा नातू जिंकतोय, तुम्ही पण जिंकणार." बिस्किट चहात बुडवता बुडवता मी त्याच्या बुटांकडं बघितलं.

खिळ्यांच्या बुटाला माती नव्हती.

मी उठून त्याची जर्सी हुंगली. साबणाचा वास. पळून आलेला घोडा मला अंधारात कळतो, तर हा माझ्या घरचा पोरगा. हा पळालेला नव्हता. हा पळाला नाही आणि जिंकलो म्हणतो.

"फोनवर दाखव," मी म्हणालो.

"कुणी शूट नाही केलं आबा."

आजकालची पोरं ताटातला डोसा शूट करतात, आणि जिंकलेली मॅच कुणी केली नाही.

त्या क्षणी माझा हिशेब पुरा झाला. जो पोरगा चेंडूच्या खेळाबद्दल खोटं बोलतो, त्याच्या हातची गोळी खरी कशावरून?

पानाचा डबा

दुसऱ्या दिवसापासून मी गोळ्या गालात धरायला लागलो. संकेत गेला की थुंकून, पुसून, सुभद्राच्या पानाच्या डब्यात टाकायच्या. तिचा पितळी डबा माझ्या कपाटात होता. कातचुन्याच्या खणात लाल गोळ्या साठत गेल्या. लघवीचा रंग साफ झाला. मला वाटलं, बघा, रक्त थांबलं, गोळ्याच वाईट होत्या.

खरं सांगायचं तर मरायची मला घाई नव्हती, भीती पण फार नव्हती. मला तिच्यासारखं मरायचं नव्हतं. ती शेवटपर्यंत विचारत होती, "बरं होताना एवढं का दुखतं?" आणि आम्ही सगळे गप्प. मला माझं मरण मला सांगून यायला पाहिजे होतं. तेवढंच.

ताप परत आला. गाठ लिंबाएवढी झाली, वरची कातडी तांबूस, चकचकीत. मी मफलर गुंडाळायला लागलो. हैदराबादच्या उन्हात मफलर. सूनबाई म्हणाली, "बाबा, गरम नाही होत?" मी म्हणालो, "फॅशन आहे."

ग्राउंड

एका रविवारी संकेत मॅच आहे म्हणून गेला. मी त्याच्या मागून ऑटो केला. सूनबाईला सांगितलं, देवळात जातो. खोटं बोलायचं तर मी पण बोलू शकतो.

विद्यानगरच्या त्या ग्राउंडवर धूळच धूळ होती. आमची पोरं पिवळ्या जर्सीतली. आधी डोकी जोडून गोल करायची, त्यात एक जण काहीतरी कुजबुजायचा, टाळी वाजायची, मग ओळीनं वाकायची. एकानं चेंडू मागं दिला की धडाधड एकमेकांच्या अंगावर. पांढऱ्या फळ्यावर मार्कर पेननं आकडे लिहिले होते. समोरच्यांचे बरेच. आमच्या बाजूला भोपळा.

चेंडू देणारा संकेत नव्हता.

संकेत चुन्याच्या रेघेच्या पार बाहेर, उलट्या बादलीवर बसला होता. साध्या कपड्यात. ओरडत होता, "पुश! पुश!" टीमच्या पाण्याच्या बाटल्या एका क्रेटमध्ये होत्या. त्याची बाटली त्याच्या पायाशी, वेगळी. तिच्या गळ्याला लाल चिकटपट्टी गुंडाळलेली.

माझे पाय तिथंच थांबले. अशी खूण मी आयुष्यात एकदाच बघितली होती, माझ्या ओट्यावर.

त्यांचे कोच बाजूला उभे होते, इम्रान सर म्हणून, गळ्यात शिट्टी. मी गेलो. म्हटलं, "वो बादलीपे बैठा सो मेरा पोता है. भीतर कायकू नई लेते उसे?"

"अरे चाचा, आप दादा हैं उसके?" ते दोन पावलं मागं सरकले. मला दिसलं ते. "आप घर पे आराम करना ना. उसके घर में टीबी है बोलके मैं बाहर बिठाया. हेल्मेट एक का दूसरा पहनता इधर. बच्चों के माँ-बाप फोन करके हल्ला करे मेरे पे."

"टीबी किसे है?"

"आप कू, चाचा."

"कौन बोला?"

"वो खुदीच बोला. छुपाया नई. घर के सब लोगां की जाँच हुई ना, माँ की, बाप की, इसकी. छाती का फोटो, हात में सुई. सब साफ निकला. मगर लोगां डरते, क्या करूँ?"

मी मफलर सोडला आणि त्याच फळ्याच्या पायाला टेकून बसलो.

कोपराखालची गोल चिकटपट्टी. आधी बँक, मग बरकतपुरा. सुभद्राच्या वेळी आम्ही टीबी टीबी म्हणत होतो, पण एका माणसाला छातीचा फोटो काढायला नेलं नव्हतं. कशाला नेणार? आम्हाला माहीत होतं. खोट्यासाठी एवढं कुणी करत नाही. आणि विलास तर नाहीच, तो ऑटोवाल्याशी पाच रुपयांसाठी भांडतो. तो खोटं खरं वाटावं म्हणून अख्ख्या घराला सुया टोचणार नाही.

संकेत धावत आला. "आबा! तुम्ही इथं कसे?"

"ऑटोनं. किती मॅच जिंकल्या?"

त्यानं फळ्याकडं बघितलं. "एक पण नाही."

"तू किती खेळलास?"

"पहिली."

"आणि बिस्किटं?"

तो बुटाच्या टोकानं धूळ उकरायला लागला.

"माझ्या मानेत काय आहे? इथं सगळ्यांसमोर सांग."

"टीबी."

"आजीची शपथ घे."

त्याचे डोळे एकदम लाल झाले. "आजीची कशाला? तिच्या वेळी मला अशक्तपणा सांगितला तुम्ही सगळ्यांनी. मी आतल्या खोलीत फिजिक्स करत बसलो आणि ती बाहेर मरत होती. तिच्या नावावर काय खरं, काय खोटं, मला माहीत नाही आबा. माझी शपथ घेतो. टीबी आहे. आमची तपासणी झाली, मला बाहेर बसवलं, ते तुम्हाला सांगू नका म्हणून पप्पा म्हणाले. म्हणाले, आबांना कळलं तर ते पण ताट वेगळं करतील."

विलासला ते लक्षात होतं तर. मला वाटायचं, ते फक्त मलाच आठवतं.

हट्टी झाला का

घरी येऊन मी पानाचा डबा काढला आणि जेवायच्या टेबलावर उलटा केला. लाल गोळ्या घरंगळत सूनबाईच्या ताटापर्यंत गेल्या. ती किंचाळली. विलास उभा राहिला तो उभाच.

"एवढ्या?" तो म्हणाला. "बाबा, एवढ्या?"

"तू जिन्यातलंच वाक्य परत म्हणालास," मी म्हणालो. "दुसरं वाक्य सुचलं नाही तुला?"

त्याला कळायला थोडा वेळ लागला. मग तो खुर्चीवर बसला आणि दोन्ही हातांनी तोंड झाकलं. "बाबा," आतूनच म्हणाला, "त्या दिवशी मला किती आनंद झाला होता. खरं सांगायला मिळालं म्हणून."

ते हसू मला बरोबर वाटलं नव्हतं ते.

डॉक्टरीणबाई चिडल्या. नीट चिडल्या, हिंदीत, म्हणजे मला कळावं म्हणून. "आप लोग पहले झूठ बोलते, फिर सच पे भरोसा नहीं करते. बीच में दवा छोड़े तो बीमारी ज़िद्दी हो जाती. पता है?" पुन्हा सुई, पुन्हा तपासणी. रोग हट्टी झालाय का, या गोळ्या आता चालतील का, ते त्यातून कळणार होतं. नाही चाललं तर पुढचं औषध लांबलचक आणि वाईट. मी म्हटलं, "जे निघेल ते मला सांगायचं. यांना नाही. माझ्या तोंडावर, हिंदीत."

"आपके मुँह पे," त्या म्हणाल्या.

उत्तर येईपर्यंतचे दिवस सगळ्यात वाईट. आधी मला वाटत होतं मी मरणार, तेव्हा मी शांत होतो. आता बरा होऊ शकलो असतो आणि स्वतःच्या हातानं घालवलं का, ते कळत नव्हतं. जेवण जाईना. घरात मात्र पट्ट्या सुटल्या होत्या. विलास माझ्यासमोर फोनवर बोलायचा. सूनबाईनं एकदा सरळ सांगितलं, "बाबा, तुमचा मला राग आलाय." मला बरं वाटलं.

मग बाईंनी मला एकट्याला आत बोलावलं. म्हणाल्या, नसीबवाले आहात, त्याच गोळ्या चालतील. पहिल्यापासून सगळं पुन्हा. मी त्यांचं तोंड बघत होतो. म्हटलं, "सच?"

"सच. और गले का टीबी बोतल से, हेल्मेट से नहीं फैलता. बच्चे को क्यों बाहर बिठाए?"

मी म्हटलं, तेच तुम्ही फोनवर त्या कोचला सांगा. तिथंच नंबर लावून दिला. बाई काय बोलल्या ते तेलुगूत होतं. कोच पलीकडून "जी मॅडम, जी मॅडम" करत होते, एवढं ऐकू आलं.

पेला

सीझनची शेवटची मॅच संकेत खेळला. मी गेलो नाही. ताप उतरला होता, पण पाय धरत नव्हते. स्वयंपाकघरात खुर्ची टाकून बसलो. सूनबाई भाकरी थापत होती. तिला आता येतात, सुभद्रानं शिकवल्या.

दार वाजलं. मी आधी बूट बघितले. खिळ्यांत चिखल भरलेला. गुडघा फुटलेला, कानामागं चुना, आणि घामाचा तो वास, वादीसारखा.

"हरलो आबा."

"थोडक्यात?"

"नाही, लई फरकानं. दोन वेळा बॉल माझ्या हातून नीट मागं गेला नाही. सर सगळ्यांसमोर ओरडले."

"बिस्किटं?"

"हरल्यावर कशाची बिस्किटं?"

मी मान डोलावली. असं बोलणं मला पाहिजे होतं.

त्याला तहान लागली होती. ओट्यावरचे पेले घासायला पडले होते, म्हणून त्यानं खिळ्यावरचा काढला. सूनबाईचा हात परातीत थांबला. "संकेत, तो आजीचा—"

"मग काय झालं?" त्यानं पेला उलटसुलट करून बघितला. "हा दोरा कसला? आजीचा नवस होता ना? पप्पा म्हणाले होते."

सूनबाईनं माझ्याकडं बघितलं. मी म्हणालो, "नवस नव्हता. तिला आम्ही टीबी सांगितला होता. तुला लागू नये म्हणून तिनं पेला वेगळा केला."

"पण तिला टीबी नव्हता."

"नव्हता."

तो उभा होता. गुडघ्यातून रक्ताची एक बारीक रेघ पायमोज्यात जात होती. "ती मला जवळ बसू द्यायची नाही," तो म्हणाला. "पलंगावर बसलो की म्हणायची, लांब हो. मला वाटलं, मी अभ्यास करत नाही म्हणून चिडलीय. म्हणून मी आतच बसायचो. दार लावून."

भाकरी तव्यावर करपायला लागली होती. कुणी उलटली नाही.

संकेतनं माठातून पेला भरला. आमच्या घरात सगळे वरून पितात, पेल्याला ओठ लावत नाहीत. तसंच शिकवलंय. तो दोऱ्याच्या वरच्या काठाला ओठ टेकवून प्यायला, पूर्ण. परत भरला, परत तसाच प्यायला. मग न विसळता माझ्यासमोर धरला.

मॅचच्या गडबडीत माझी सकाळची गोळी राहिली होती. मी ती उलटून बघितली, अजून बघतो, सवय जात नाही. मग त्याच्या उष्ट्या पाण्याबरोबर गिळली.

दोरा सूनबाई कापून टाकते म्हणाली. मी नको म्हणालो. तो पेला आता खाली, रोजच्या पेल्यांत असतो. ज्याच्या हाताला लागेल तो घेतो.